ठराव नसलेला बहिष्कार : विवाहाच्या नोटिशीपासून तडजोडीच्या आदेशापर्यंत

आमचा विवाह १५ डिसेंबर २०२३ रोजी विशेष विवाह अधिनियम, १९५४ खाली ठाण्यात झाला. त्या विवाहावरून माझ्या माहेरच्या माणसांना वाळीत टाकल्याचे प्रकरण सप्टेंबर २०२५ मध्ये न्यायालयाच्या परवानगीने मिटले. मी कळव्यात वाढलेली, कोकणातील एका ज्ञातीच्या हिंदू घरातील मुलगी आहे. माझे पती ठाण्यातील मराठी भाषक कॅथलिक कुटुंबातील आहेत आणि आम्ही आता ऐरोलीत राहतो. ज्ञातीचे आणि तिच्या ठाण्यातील मंडळाचे नाव येथे येणार नाही, कारण तडजोडीत तसे ठरले आहे. विवाह करण्यासाठी कायद्याची वाट बऱ्यापैकी आखलेली आहे. त्यानंतर नातेवाइकांना छळले जाते तेव्हाची वाटही आहे, पण ती कोणी दाखवत नाही, आणि बहिष्कार टाकणारे कागदावर एक अक्षर लिहीत नसल्यामुळे तिच्यावर पहिले पाऊल कोठे टाकावे हेच कळत नाही. त्यामुळे जसे घडले तसे क्रमाने लिहिते.

विवाहाची नोटीस आम्ही ५ ऑक्टोबर २०२३ रोजी दिली. नोटीस देण्यापूर्वी दोघांपैकी निदान एकाने त्या जिल्ह्यात सलग ३० दिवस राहिलेले असावे लागते. ऐरोली, वाशी, नेरुळ हा भाग नवी मुंबई महानगरपालिकेत असला तरी ठाणे जिल्ह्यातच मोडतो, पनवेल मात्र रायगडमध्ये; त्यामुळे आम्हा दोघांसाठी ठाण्याचे विवाह अधिकारी पुरेसे होते. वयाचे आणि राहण्याचे पुरावे, छायाचित्रे एवढीच कागदपत्रे लागली आणि सरकारी शुल्क इतके किरकोळ होते की ते आता आठवतही नाही. माझ्या आधार कार्डावरील पत्ता बदलून कळव्याचा केलेला होता, हे फार उपयोगी पडले. वर किंवा वधू कायमची दुसऱ्या जिल्ह्यात राहणारी असेल, तर नोटिशीची प्रत त्या जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडेही लावण्यासाठी जाते. ज्यांच्या ओळखपत्रावर अजून गावचा पत्ता आहे, त्यांनी नोटीस देण्याआधी याचा विचार करावा.

नोटीस कार्यालयात सर्वांना दिसेल अशा जागी लावली जाते आणि ३० दिवस कोणालाही हरकत घेता येते. आमच्या ज्ञातीतील एका गृहस्थांचे त्या भागात कामानिमित्त येणे-जाणे होते, त्यांनी ती वाचली आणि रात्रीपर्यंत ती कळव्यातील प्रत्येक ओळखीच्या घरी पोहोचली. आईला शेजारणीकडून कळण्याआधी मी स्वतः सांगितले होते, एवढेच समाधान. नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेला मंडळाच्या एका पदाधिकाऱ्याने लेखी हरकत नोंदवली. त्यात लिहिले होते की हा विवाह आई-वडिलांच्या संमतीविना आहे, त्यामुळे समाजाची परंपरा मोडते आणि इतर मुलींवर वाईट परिणाम होईल.

हरकत आली म्हणजे विवाह थांबला, असे आम्हाला त्या दिवशी वाटले आणि मी रात्रभर जागी होते. प्रत्यक्षात हरकत घेण्याची कारणे कायद्याच्या कलम ४ मधील अटींपुरतीच आहेत : दोघांपैकी कोणाचा आधीचा जोडीदार हयात असणे, संमती देण्याची मानसिक क्षमता नसणे, वराचे वय २१ आणि वधूचे १८ पूर्ण नसणे, किंवा दोघांचे नाते निषिद्ध श्रेणीतील, म्हणजे विवाहाला कायद्याने मनाई असण्याइतके जवळचे, असणे. समाजाची परंपरा त्यात कोठेही नाही. विवाह अधिकाऱ्यांनी हरकत नोंदवहीत लिहून घेतली, हरकतदाराला वाचून दाखवून त्यांची सही घेतली आणि चौकशीला बोलावल्यावर त्यांना एकच प्रश्न विचारला, की यापैकी कोणती अट मोडते आहे? ते परंपरेबद्दल बोलत राहिले. हरकत अवाजवी आणि सद्भावनेने घेतलेली नसेल तर हरकतदाराकडून १,००० रुपयांपर्यंत भरपाई घेण्याचा अधिकारही विवाह अधिकाऱ्याला आहे, असे त्यांना शांतपणे सांगण्यात आले. आम्ही ती मागितली नाही.

येथे एका मुदतीकडे लक्ष ठेवावे लागते. हरकतीचा निर्णय ३० दिवसांत व्हावा असे कायदा सांगतो. पण नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत विवाह झाला नाही तर ती नोटीस संपते आणि सारे पुन्हा सुरू करावे लागते. हरकतीच्या चौकशीत गेलेले दिवस त्या तीन महिन्यांतून वजा होत नाहीत. मध्ये दिवाळी आली, कार्यालये बंद राहिली आणि आमच्या हाती जानेवारीच्या पहिल्या आठवड्यापर्यंतचाच वेळ उरला होता. नोव्हेंबरच्या अखेरीस हरकत फेटाळली गेली. हरकतदाराला त्यावर अपील नसते. अपील असते ते हरकत मान्य झाली तर विवाह करणाऱ्यांना, तेही ३० दिवसांत जिल्हा न्यायालयाकडे.

त्याच काळात आम्ही दोघांनी सहीनिशी एक अर्ज पोलिसांना दिला आणि त्याची प्रत पोलीस आयुक्तालयात आवक-जावक कक्षात देऊन शिक्क्याची पोच घेतली. त्या अर्जात सर्वोच्च न्यायालयाच्या २७ मार्च २०१८ च्या शक्ती वाहिनी प्रकरणातील निकालाचा उल्लेख होता. दोन सज्ञान व्यक्ती परस्परसंमतीने विवाह करत असतील तर कुटुंबाची, कुळाची किंवा समाजाची संमती लागत नाही, आणि असा विवाह रोखण्यासाठी जमणारी कोणतीही पंचायत बेकायदेशीर आहे, असे त्या निकालात म्हटले आहे. जोडप्यांच्या संरक्षणासाठी जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष आणि सुरक्षित निवास यांचे निर्देशही त्यात आहेत. आम्हाला संरक्षण मागण्याची वेळ आली नाही, पण तारखेचा शिक्का असलेला तो अर्ज पुढे दीड वर्ष कामी आला, कारण मंडळाचा विरोध विवाहाच्या आधीपासून होता हे त्यातून दिसत होते.

१५ डिसेंबरला तीन साक्षीदारांसमोर घोषणापत्रावर सह्या झाल्या. विवाह अधिकाऱ्याने नोंदवहीत लिहिलेले आणि साक्षीदारांच्या सह्या असलेले प्रमाणपत्र हा विवाह झाल्याचा निर्णायक पुरावा मानला जातो. म्हणजे तो विवाह कोणा मंडळाने किंवा देवस्थानाने मान्य करण्या-न करण्यावर अवलंबून राहत नाही. आई आली नाही. बाबा आले, साक्षीदार म्हणून सही करून लगेच निघाले.

माझ्या पतींच्या बाजूलाही एक धार्मिक संस्था होती, हे सांगायला हवे. सासूबाईंची चर्चमध्ये विवाह व्हावा अशी इच्छा होती, म्हणून आम्ही त्यांच्या पॅरिशच्या फादरांना भेटलो. बाप्तिस्मा न झालेल्या व्यक्तीशी कॅथलिक व्यक्तीचा चर्चमधील विवाह व्हायचा असेल तर बिशपांकडून सूट मिळवावी लागते आणि मुलांना आपल्या श्रद्धेत वाढवण्यासाठी शक्य ते करण्याचे वचन कॅथलिक जोडीदाराकडून घेतले जाते, हे त्यांनी स्पष्ट सांगितले. नुसता नोंदणी विवाह चर्चच्या दृष्टीने पूर्ण ठरत नाही, हेही त्यांनी लपवले नाही. आम्ही विचार करायला वेळ मागितला आणि तो विचार अजून चालू आहे. मला त्यांचे म्हणणे सर्वस्वी पटले असे नाही. परंतु कोणता विधी आपण करू आणि कोणता करणार नाही एवढेच ती संस्था बोलली, सासूबाईंकडे दंड मागितला नाही किंवा त्यांच्याशी बोलू नका असे कोणाला सांगितले नाही. धार्मिक संस्थेचा अधिकार कोठे संपतो हे मला वकिलांकडून कळण्याआधी येथे दिसले.

जानेवारी २०२४ मध्ये एका रविवारी मंडळाच्या सभागृहात बाबांना बोलावले गेले. हे मंडळ म्हणजे आमच्या गावाकडील ज्ञातिबांधवांची ठाण्यातील नोंदणीकृत विश्वस्त संस्था. तिचे एक छोटे देऊळ, वर सभागृह आणि गावच्या देवस्थानात मान. बाबा तेथे कित्येक वर्षे खजिनदार होते. सभेत त्यांच्याकडे १,५१,००० रुपये दंड आणि मुलीशी संबंध तोडल्याचे लेखी निवेदन मागण्यात आले. बाबांनी दोन्ही दिले नाही. त्यांना कोणी अपशब्द वापरला नाही, चहाही दिला. फक्त त्यानंतर काही महिन्यांत आमच्या घराभोवतीची माणसे एकेक करून गळत गेली. बाबांची वर्गणी ‘पुस्तक संपले आहे’ म्हणून घेतली गेली नाही. मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपमधून आई, बाबा आणि माझी धाकटी बहीण यांना काढण्यात आले. माझ्या चुलतभावाच्या लग्नाची पत्रिका आली नाही आणि नंतर काकांनी रात्री उशिरा फोन करून रडत सांगितले, की पत्रिका दिली तर आपल्या लग्नाला कोणी येणार नाही असा निरोप आला होता. मार्चमध्ये शिमग्याला गावी पालखी वाडीतील प्रत्येक दारी गेली आणि आमच्या दारावरून पुढे गेली. आजी ओटीचे ताट घेऊन उभी होती.

मे महिन्यात बहिणीच्या साखरपुड्यासाठी बाबांनी मंडळाचे सभागृह नियमाप्रमाणे ५,००० रुपये अनामत भरून नोंदवले होते. ती नोंदणी रद्द झाली आणि पाठोपाठ मुलाकडच्यांनी ‘पत्रिका नीट जुळत नाही’ असे कळवले. ते स्थळ त्याच ज्ञातीतील होते. या दिवसांत बहीण माझ्याशी नीट बोलत नव्हती आणि तिला दोष देता येत नव्हता.

तक्रार करावी का, यावर घरात जून सबंध गेला. बाबांचे म्हणणे असे की ज्या मंडळाच्या पावत्या आपण हाताने लिहिल्या त्याच्याविरुद्ध पोलिसांत जाणे त्यांना जमणार नाही. आईचे म्हणणे, आता आणखी काय जायचे राहिले आहे? मी तोवर कायद्याचा मजकूर शोधून काढला होता. महाराष्ट्र सामाजिक बहिष्कारापासून व्यक्तींचे संरक्षण (प्रतिबंध, बंदी व निवारण) अधिनियम, २०१६ हा कायदा विधिमंडळाने एप्रिल २०१६ मध्ये संमत केला आणि राष्ट्रपतींच्या संमतीनंतर तो जुलै २०१७ मध्ये लागू झाला. सामाजिक किंवा धार्मिक रीतीरिवाजात अडथळा आणणे, समाजाच्या सभागृहाचा किंवा देवळाचा वापर नाकारणे, संबंध तोडायला लावणे असे अनेक प्रकार त्यात बहिष्कार म्हणून नोंदवलेले आहेत. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाची वाट न पाहता पोलिसांना तपास करता येतो, पण तो जामीनपात्रही आहे. बाबांना धीर आला तो जामीनपात्र या शब्दाने : कोणाला दिवाळीत तुरुंगात घालण्याचे पाप आपल्या माथी येणार नाही, असे ते म्हणाले. शिवाय तक्रार पीडित व्यक्तीप्रमाणेच तिच्या कुटुंबातील व्यक्तीलाही करता येते, त्यामुळे फिर्यादी मी व्हायचे आणि बाबांनी फक्त विचारले तर खरे सांगायचे असे ठरले.

वकील आम्हाला ठाण्याच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणातून मिळाल्या. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार स्त्रियांना मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. मी नोकरी करते म्हणून मला मिळणार नाही असे समजून मी थोडी बिचकत गेले होते, परंतु अर्जावर उत्पन्नाबद्दल कोणी काही म्हटले नाही. प्राथमिक सल्ल्यासाठी १५१०० हा क्रमांकही आहे. वकीलताईंनी सुरुवातीलाच एक गोष्ट समजावली. धर्मगुरूने एखाद्याला समाजाबाहेर काढण्याला बंदी घालणारा मुंबई प्रांताचा १९४९ चा कायदा सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये दाऊदी बोहरा समाजाच्या प्रकरणात रद्द ठरवला होता. तो निकाल बरोबर होता का, हा प्रश्न फेब्रुवारी २०२३ मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाकडे सोपवण्यात आला आहे. २०१६ चा कायदा वेगळा आहे आणि तो लागू आहे, तरीही समोरची बाजू ‘हा आमचा धर्माचा अंतर्गत प्रश्न’ असे म्हणणार हे धरून चालावे. म्हणून तक्रारीत पालखीला पहिले स्थान देऊ नका, असे त्या म्हणाल्या. दंडाची मागणी, मुलीशी संबंध तोडण्याची सक्ती, सभागृह नाकारणे आणि बहिणीचा मोडलेला साखरपुडा आधी, पालखी शेवटी. आजीला हे कळले तेव्हा ती रागावली, कारण तिच्या लेखी बहिष्कार म्हणजे पालखीच होती.

मग प्रश्न आला पुराव्याचा. सभेत दंड मागितला, पण ठराव नाही. ग्रुपमधून काढले, पण कारण लिहिले नाही. काकांना निरोप आला, पण काका साक्ष देणार नाहीत. प्रत्येक गोष्ट सुटी घेतली तर ती निव्वळ योगायोग वाटेल अशी होती आणि बहिष्काराची रीतच ती असते. व्हॉट्सॲपवरील संदेशांचे स्क्रीनशॉट आमच्याकडे होते, पण भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे अशा पुराव्यासोबत विहित नमुन्यातील प्रमाणपत्र लागते आणि त्याचा एक भाग तज्ज्ञाने भरायचा असतो. मूळ फोन बदलू नये आणि संदेश पुसू नयेत, ही सूचना आम्ही कटाक्षाने पाळली. बाबांचा जुना फोन, ज्याची काच तडकलेली आहे, तो या कारणाने प्रकरण मिटेपर्यंत वापरात राहिला.

मार्ग बाबांनीच काढला, तोही तक्रारीच्या बाजूने बोलायचे नाही असे ठरवून बसलेले असताना. सभागृहाची अनामत परत आली ती धनादेशाने, आणि मंडळाच्या हिशेबाची लेखापरीक्षकाकडून तपासणी होत असल्यामुळे खजिनदाराला व्हाउचरशिवाय धनादेश काढता येत नाही, व्हाउचरवर कारण लिहिल्याशिवाय लेखापरीक्षक सही करत नाही, हे त्यांना पाठ होते. ‘ठराव लिहिणार नाहीत, पण पाच हजारांचे कारण कोठेतरी लिहावेच लागले असेल,’ असे ते जेवता जेवता म्हणाले आणि पुढे बोलले नाहीत. आम्ही मंडळाला रजिस्टर पोस्टाने, पोचपावतीसह, साधे पत्र पाठवले (ही सेवा आता स्पीड पोस्टात विलीन झाली आहे) : आमची नोंदणी कोणत्या कारणाने रद्द झाली ते कळवावे आणि परताव्याच्या व्हाउचरची प्रत द्यावी. त्यात बहिष्कार हा शब्द नव्हता. नव्या खजिनदारांनी, बहुधा फारसा विचार न करता, प्रत पाठवली. तीवर लिहिले होते : ‘कार्यकारिणीच्या निर्णयानुसार नोंदणी रद्द.’

दरम्यान धर्मादाय कार्यालयात अर्ज करून आम्ही मंडळाच्या घटनेची आणि विश्वस्तांच्या नोंदीची प्रमाणित प्रत घेतली. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५० खाली नोंदलेल्या संस्थेची ही कागदपत्रे मागता येतात. नकलांचे शुल्क थोडे असते, वेळ मात्र लागतो. घटनेत सभासदत्व रद्द करण्याची कारणे दिलेली होती आणि त्यांत सभासदाच्या मुलीने कोणाशी विवाह केला याचा काही संबंध नव्हता. दंड आकारण्याचा अधिकार तर कार्यकारिणीला नव्हताच.

तक्रार २०२४ च्या जुलैमध्ये दिली. त्याच महिन्याच्या १ तारखेपासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे फौजदारी कार्यपद्धतीचा नवा कायदा, लागू झाली होती आणि पोलीस ठाण्यातही नवी पुस्तके उघडून पाहिली जात होती. ठाणे अंमलदारांनी प्रथम ‘मॅडम, समाजाचा विषय आहे, बसून मिटवा’ असे सांगितले आणि अदखलपात्र नोंद करून देतो म्हणाले. अदखलपात्र नोंद घेऊन परतायचे नाही, असे वकीलताईंनी बजावले होते. मी अधिनियमाची राजपत्रातील प्रत, त्यात दखलपात्र या शब्दाखाली पेन्सिलने रेघ मारून, पुढे ठेवली. दुसरा मुद्दा हद्दीचा निघाला : मी ऐरोलीची, म्हणजे नवी मुंबई आयुक्तालयाची, सभा ठाण्यात, म्हणजे ठाणे आयुक्तालयात, पालखी तिसऱ्याच जिल्ह्यात. नव्या संहितेनुसार हद्द कोणाचीही असली तरी माहिती नोंदवून घ्यावी लागते, आणि सभा जेथे झाली तेथेच आम्ही गेलेलो असल्यामुळे तो मुद्दा तेथे टिकला नाही. तक्रार घेतली, पण गुन्हा नोंदवला नाही.

त्यामागचे कारण पुढे समजले. ज्या दखलपात्र गुन्ह्याची शिक्षा तीन वर्षे किंवा अधिक पण सात वर्षांपेक्षा कमी आहे, त्यात पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याच्या परवानगीने १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते, अशी तरतूद संहितेच्या कलम १७३ मध्ये आहे. बहिष्काराच्या गुन्ह्याची कमाल शिक्षा नेमकी तीन वर्षे, त्यामुळे तो या तरतुदीत बसतो. चौदा दिवस उलटले, गणपतीचा बंदोबस्त जवळ आला आणि कोणी काही सांगेना, तेव्हा आम्ही कलम १७३(४) चा आधार घेऊन तक्रारीचा मजकूर वरिष्ठ अधिकाऱ्यांकडे टपालाने पाठवला. त्यांनीही दखल घेतली नसती तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता आला असता आणि तो मसुदा तयार होता. ऑक्टोबरच्या सुरुवातीला मला जबाबासाठी बोलावले आणि गुन्हा नोंदवला गेला. फिर्यादीची प्रत मोफत मिळते. ती घेऊनच बाहेर पडावे, आणि सही करण्याआधी मराठी मजकूर पूर्ण वाचावा. माझ्या जबाबात ‘दंड मागितला’ याऐवजी ‘देणगी मागितली’ असे टंकले गेले होते. ते तेथेच दुरुस्त करून घेतले, नाहीतर सारा अर्थच बदलला असता.

तपासात मंडळाकडे ‘कार्यकारिणीचा निर्णय’ कोणत्या तारखेचा, त्या सभेचे इतिवृत्त कोठे आहे, असे विचारले गेले. इतिवृत्ताच्या वहीत अशी सभाच नव्हती. म्हणजे निर्णय झाला होता हे त्यांच्याच व्हाउचरवर आणि सभा झाली नाही हे त्यांच्याच वहीत, आणि दोन्हींवर त्याच माणसांच्या सह्या. बाबांचा जबाब नोव्हेंबरमध्ये, विधानसभा निवडणुकीच्या गडबडीत, एका संध्याकाळी झाला. त्यांनी कोणाबद्दल वावगे काही सांगितले नाही. किती रक्कम मागितली, कोणी मागितली, त्या वेळी कोण हजर होते, एवढेच. मी बाहेर बाकावर बसले होते. बाहेर आल्यावर ते म्हणाले, ‘चल, स्टेशनपर्यंत चालत जाऊ.’

तपासाच्या प्रगतीची माहिती फिर्यादीला ९० दिवसांत देणे पोलिसांवर बंधनकारक आहे आणि ती मागण्यात संकोच करू नये. दोषारोपपत्र फेब्रुवारी २०२५ मध्ये दाखल झाले. २०१६ च्या अधिनियमात दोषारोपपत्रापासून सहा महिन्यांत खटला संपवण्याचा उल्लेख असला तरी तारखा पडायच्या तशा पडल्या : कधी आरोपींपैकी कोणी गैरहजर, कधी न्यायाधीश रजेवर. खर्च म्हणाल तर वकिलांचा नव्हता. नकला, नोटरी, टपाल, प्रमाणपत्रासाठीचा तज्ज्ञ आणि बुडालेल्या रजा मिळून सुमारे १८,००० रुपये गेले. प्रवास त्यात धरलेला नाही.

मधल्या काळात मंडळाच्या एका पदाधिकाऱ्याने आईला असेही सांगितले, की परधर्मात लग्न केल्यामुळे मुलीचा वडिलांच्या मालमत्तेवरील हक्क गेला. हे खरे नाही. हिंदू व्यक्तीने विशेष विवाह अधिनियमाखाली अन्य धर्मीयाशी विवाह केला तर ती एकत्र कुटुंबापासून विभक्त झाल्याचे मानले जाते आणि तिच्या स्वतःच्या मालमत्तेला भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ लागू होतो. माहेरचा वारसा त्यामुळे तुटत नाही. आम्हाला हक्क मागायचा नव्हता, पण आईला हे लेखी दाखवल्यावर तिच्या मनावरचे ओझे उतरले आणि मंडळाच्या इतर सांगण्यावरचा तिचा विश्वासही त्याच दिवशी उडाला.

जून २०२५ मध्ये मंडळाच्या वकिलांनी तडजोडीचा विषय काढला. पीडिताची संमती आणि न्यायालयाची परवानगी असेल तर हा गुन्हा मिटवता येतो. माझे पती म्हणाले, की निर्णय तुझ्या घरच्यांनी घ्यावा, मी त्यात मत देणार नाही; आणि त्यांनी शेवटपर्यंत दिले नाही. मला खटला चालावा असे वाटत होते. बाबांना मिटावा असे वाटत होते. बहिणीने मात्र अट घातली, की कोणीही ‘गैरसमज झाला’ असे लिहायचे नाही, जे केले ते मागे घेतले असे लिहायचे. या एका वाक्यावर बोलणी जवळजवळ दोन महिने अडली. मंडळाला ‘गैरसमजातून’ हा शब्द हवा होता, आम्हाला ‘मागे घेत आहोत’ हा. शेवटी ठराव असा झाला : दंडाची मागणी आणि संबंधांबाबत दिलेल्या सूचना कार्यकारिणी मागे घेत आहे, संबंधित कुटुंबाचे सभासदत्व पूर्वीप्रमाणे चालू आहे, सभागृह व देऊळ यांचा वापर इतर सभासदांच्याच अटींवर त्यांना राहील, हा ठराव सूचना फलकावर ३० दिवस लावला जाईल. पैसे आम्ही घेतले नाहीत. तडजोडपत्र ५०० रुपयांच्या मुद्रांकावर केले. १०० रुपयांचा मुद्रांक अशा दस्तांसाठी ऑक्टोबर २०२४ पासून चालत नाही.

न्यायालयात न्यायाधीशांनी मला आणि बाबांना वेगवेगळे विचारले, की संमती स्वखुशीची आहे का, कोणी दबाव आणला का. असा प्रश्न विचारला जातो याची कल्पना असावी, कारण ऐनवेळी तो ऐकून बाबा गोंधळले आणि त्यांनी आधी माझ्याकडे पाहिले. न्यायाधीशांनी त्यांना थांबून, पाणी घेऊन उत्तर द्यायला सांगितले. सप्टेंबरमध्ये परवानगीचा आदेश झाला.

सर्व काही पूर्वीसारखे झालेले नाही. काका येतात. ज्या दोन घरांशी आमचे सर्वांत जवळचे संबंध होते, ती घरे अजूनही बोलत नाहीत, आणि कोणाला कोणाशी बोलायला लावण्याची तरतूद कायद्यात नाही, ती असावी असेही मला वाटत नाही. बहिणीचे ते स्थळ परत आले नाही आणि तिने मंडळाच्या सभागृहात काहीही करणार नाही असे सांगून टाकले आहे.

आदेशाच्या आणि तडजोडपत्राच्या प्रमाणित प्रती आम्ही लगेच अर्ज करून काढल्या. उशीर केला तर फाइल अभिलेख कक्षात जाते आणि नकलेला जास्त दिवस लागतात. मंडळाच्या ठरावाची प्रत धर्मादाय कार्यालयातील त्यांच्या नोंदीसोबत राहावी म्हणून तेथेही एका अर्जासह दिली आणि पोच घेतली. हे सुचवले बाबांनीच. कार्यकारिणी दर काही वर्षांनी बदलते आणि नव्या मंडळींना जुन्या वह्या सापडत नाहीत, हे त्यांनी खजिनदार असताना पुरेसे पाहिलेले आहे.